गँगचाळीतला रोट

मला झोप लागते ती फक्त रेल्वेत. घरी रात्रभर कुशी बदलणारी मी, गाडीच्या चाकांनी एकदा ताल धरला की लहान मुलासारखी गाढ झोपते. कोल्हापुराहून दुपारी निघाले, पुण्यापर्यंत पुस्तक हातात होतं, पुढे ते तोंडावर होतं. चाळीसगाव पहाटे येतं. समोरच्या बाईंनी दंडाला धरून हलवलं नसतं, तर मी थेट विदर्भात उतरले असते.

निघताना आमच्या ह्यांनी विचारलंच होतं, "खानदेशात जाऊन बघणार काय? रूळ? ते आपल्या मार्केट यार्डाजवळही आहेत." बोलणं चुकीचं नव्हतं. पण मी आयुष्यभर शाळेत इतिहास शिकवला आणि रेल्वेचा धडा आला की दर वर्षी तेच सांगितलं, की बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी गेली. ती गाडी ठाण्याच्या पुढे कुठे गेली, कोणी नेली, हे ना पुस्तकात होतं ना मला माहीत होतं. निवृत्त झाल्यावर हातात वेळ आला आणि हा प्रश्न मागे लागला. जिथे रेल्वेनं गावंच्या गावं उभी केली, ते भुसावळ, जळगाव, चाळीसगाव एकदा डोळ्यांनी बघावं, असं मनानं घेतलं.

चाळीसगावच्या फलाटावर उतरले तेव्हा उजाडत होतं. श्रावणातली सकाळ, आभाळ खाली आलेलं, मधूनच भुरभुर. चहावाल्याकडे उभी राहून मी आजूबाजूला बघत होते आणि मला जाणवलं, की एवढ्या माणसांनी या वेळी उतरायचं काही कारण नाही. पण सुरतेहून, नाशिकहून, पुण्याहून आलेली कुटुंबं बॅगा, पिशव्या, झोपलेली मुलं खांद्यावर घेऊन उतरत होती.

"कुठे चाललेत सगळे?" मी चहावाल्याला विचारलं.

"घर. कानबाई शे ना रविवारले," तो म्हणाला. मला समजलं नाही, हे त्याच्या लक्षात आलं असावं. मग शुद्ध मराठीत म्हणाला, "कानबाई म्हणजे आमची देवी, ताई. नागपंचमीनंतरच्या रविवारी बसते, सोमवारी उठते. दिवाळीला कोणी नाही आलं तरी चालतं. कानबाईला यावंच लागतं."

चाळीसगावहून धुळ्याला एक फाटा जातो. हा फाटा इंग्रजांनी काढला तो कापसासाठी. मुख्य लाइन धुळ्याला टाळून गेली, तेव्हा धुळ्याचे व्यापारी हळहळले असणार आणि मग हा तुकडा जोडला गेला असणार. 'असणार' असं मी लिहिते आहे, कारण मला सगळं नीट ठाऊक नाही आणि त्या गाडीत बसल्यावर ठाऊक करून घ्यायची इच्छाही राहिली नाही. दोन्हीकडे गुडघाभर कपाशी, तिची पानं ओली, मधूनच बाभळीची रांग, लांबवर लळिंगच्या किल्ल्याचा डोंगर ढगात अर्धा बुडालेला. गाडी लहान लहान स्टेशनांवर थांबत होती आणि उतरलेली माणसं रूळ ओलांडून सरळ शेतात शिरत होती. मी डोळे मिटले. रूळ नसलेलं हेच रान मला दिसायला लागलं. काळी माती, तिच्यावर आखलेली चुन्याची रेघ, आणि त्या रेघेवरून लांबून कोणी तरी एका सुरात ओरडत येत असलेलं. जागी झाले तेव्हा धुळं आलं होतं आणि डबा रिकामा होता.

धुळ्यात मी एक दिवस काढला. गल्ल्या बघितल्या, जुन्या बाजारात भटकले, आणि एका खानावळीत शेवभाजी मागवली. कोल्हापूरची बाई मी, तिखटाचा मला गर्व. पहिल्या घासाला गर्व गेला, दुसऱ्याला कानातून वाफ निघाली. मालक लांबून बघत होता. "कळण्याची भाकर घ्या सोबत, उतरेल," तो म्हणाला. ज्वारी-उडदाची ती जाड भाकरी आणि कच्चा कांदा यांनी मला वाचवलं. घरी हे कोणाला सांगायचं नाही, असं तेव्हा ठरवलं होतं.

शनिवारी सकाळी परतीची गाडी धरली. विचार असा होता, की चाळीसगावहून जळगावला जावं आणि रात्रीपर्यंत भुसावळ गाठावं. ते काही घडलं नाही, आणि त्याला कारण एक भोपळा.

डबा गच्च भरला होता. मी खिडकीशी पेंगत होते, तेवढ्यात पायावर काही तरी जड येऊन आदळलं. बघते तर कलिंगडापेक्षा मोठा लाल भोपळा.

"ताई, पाय जरा वर ल्या. मनं डांगर खाले गयं," समोरचे म्हातारे म्हणाले. डांगर म्हणजे हाच भोपळा, कानबाईच्या नैवेद्याला त्याची भाजी लागतेच. म्हाताऱ्यांनी तो उचलून पुन्हा मांडीवर घेतला आणि नातवाला धरावं तसा धरून बसले. काळे, उंच, पांढऱ्या मिशा, डोक्यावर टोपी, आणि हाताची बोटं अशी, की मूठ पूर्ण मिटत नसावी.

नाव नरसय्या, पण सगळे नरसूनाना म्हणतात. रेल्वेत गँगमन होते. रुळांवरून रोज चालायचं, ढिले बोल्ट आवळायचे, खडी सारखी करायची, असं काम. आजोबाही तेच करत. "मना आजा तेलंगणमाईन उना. रूळ टाकाले," ते म्हणाले (माझा आजा तेलंगणातून आला).

"मग तेलगू येतं तुम्हाला?"

"एक शबद बी येत नही. माले कोनी तेलगूमा शिवी दिधी तरी मी त्याले राम राम करसू!"

आसपासचे हसले, नाना सर्वांत जास्त हसले. पण हसणं थांबल्यावर ते खिडकीबाहेर बघत राहिले आणि चेहरा उतरला. मला दुसऱ्यांच्या घरात डोकवायची वाईट खोड आहे. मी विचारलं, "काय झालं नाना?"

"पोरनं लगन अडी गयं, ताई," ते म्हणाले. पोर म्हणजे त्यांची नात, पूजा. "पोऱ्या चांगला शे, घर चांगलं शे, जात कोनी इचारत नही. पन रोट एक शे."

रोट म्हणजे काय, हे मला चाळीसगावपर्यंत ऐकावं लागलं आणि ऐकता ऐकता माझी झोप पार उडाली. कानबाईच्या दिवशी घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावानं सव्वा मूठ गहू घेतात. सगळ्या भाऊबंदांच्या मुठी एकत्र करून दळतात, त्याच्या पोळ्या करतात, तो रोट. इतर स्वयंपाक कोणीही जेवावा, पण रोट फक्त भाऊबंदांनी खायचा. परक्याला तो देत नाहीत. लग्न होऊन गेलेल्या लेकीलाही नाही, कारण तिचा रोट सासरी. ज्यांचा रोट एक, ते एकमेकांचे भाऊ. मग भावाभावांच्या घरात लग्न कसं व्हायचं?

"पण तो मुलगा तुमच्या भावकीतला आहे?" मी विचारलं.

"त्याना पनजा झांशीकडला. मना तेलंगणना," नाना म्हणाले. "पन रोट एक शे ना."

पाचोऱ्यापासून जामनेरकडे एक छोटी लाइन जात असे. अरुंद रूळ, लहान डबे, सायकलवाल्याशी शर्यत लागली तर सायकलवाला जिंकेल अशी गाडी. आसपासच्या लोकांचा तिच्यावर फार जीव होता. आता ती बंद आहे, अरुंद रूळ काढून रुंद रूळ टाकायचं काम चालू आहे. नानांच्या आजोबांची पिढी ही छोटी लाइन टाकायला आली होती. कोणी तेलंगणातून, कोणी झांशीहून, कोणी कोकणातून, तर कोणी सातपुड्यातल्या पाड्यावरून. मुकादम तेवढा इथलाच, पण भावांशी भांडून घर सोडून आलेला. लाइन झाल्यावर ही माणसं तिच्या देखभालीला तिथेच राहिली, स्टेशनाजवळच्या दगडी खोल्यांत. त्याला गँगचाळ म्हणतात.

पहिल्या श्रावणात मुकादमाच्या बायकोला कानबाई बसवायची होती. पण रोटाला भाऊबंद हवेत आणि तिच्या नवऱ्याचे भाऊ तोंड बघायला तयार नव्हते. त्या काळी अख्खा रूळ माणसांनीच उचलायचा. सगळ्या टोळीनं एका सुरात हाक देत, एका दमात उचलला तरच उचलला जायचा. त्या बाईनं म्हणे सूप घेतलं, चाळीच्या मधोमध उभी राहिली आणि म्हणाली, "ज्या एक रूळ उचलतस, त्या भाऊ." आणि प्रत्येक खोलीपुढे जाऊन सव्वा मूठ गहू घेतले. तेव्हापासून गँगचाळीचा रोट एक.

हे नाना सांगत होते तेव्हा गाडी चाळीसगावच्या सिग्नलला थांबली होती. मला आठवलं, धुळ्याला जाताना स्वप्नात ऐकलेला तो सूर. मी काही देवभोळी नाही. पण भुसावळ काही पळून जात नव्हतं.

"येतस का?" नानांनी विचारलं. मी भोपळा उचलायला हात लावला.

त्या स्टेशनाचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही, घरच्या लग्नाची गोष्ट आहे. पाचोऱ्याहून रिक्षानं गेलो. स्टेशनाची छोटीशी इमारत, दार निखळलेलं, फलाटावर कोणाच्या तरी शेळ्या. जुने रूळ गेलेले, त्या जागी उंच भराव आणि खडीचे ढीग. दगडी खोल्या रिकाम्या होत्या. त्यांच्या मागे सगळ्यांनी आपापली घरं बांधली आहेत, पण नाव अजून गँगचाळच. पाऊस थांबून ऊन पडलं होतं. ओल्या खडीवरून वाफ निघत होती, आणि सगळी वस्ती मला पाण्यातून बघितल्यासारखी हलताना दिसत होती.

कानबाई बसते ती जमनाअक्कांच्या घरी. अक्का त्या मुकादमाच्या नातसून. ठेंगण्या, नऊवारी, आवाज मात्र लांब पोचणारा. मला बघून म्हणाल्या, "बठा ताई, च्या ल्या," आणि लगेच नानांकडे वळून, "काय रे नरसू, इतलं मोठं डांगर? साऱ्या चाळले जेवाडस का तू?" नाना वयानं मोठे, पण दोघं याच चाळीत उघडेनागडे खेळलेले, अक्कांचं माहेर रुळांपलीकडच्या गावातलं, चाळीच्या रोटाबाहेरचं. तिथे अरेतुरेशिवाय भाषा नव्हती.

मी पुरुषांच्याच मुठी का, असं विचारून घेतलं. मास्तरीण ना मी. "बायानी बी मूठ लिधी ते दयस कोन मंग?" अक्का म्हणाल्या (बायकांचीही मूठ घेतली तर दळणार कोण). 

संध्याकाळी पूजा आली, जळगावहून. तिथे एका तपासणी केंद्रात काम करते. तिच्यामागून थोड्या वेळानं, वेगळ्या गाडीवरून, रोहित आला. तोही जळगावलाच, पाइपांच्या कारखान्यात. ही दोघं एकाच अंगणात वाढली. "राखी बांधायचीस का याला?" मी पूजाला हळूच विचारलं.

"कधीच नाही," ती म्हणाली. "दर राखीपौर्णिमेला मला ताप यायचा."

"आणि मला जुलाब," रोहित म्हणाला.

मला हसू आवरेना. पण तीही हसता हसता थांबली. "ताई, पळून जाऊन लग्न करणं सोपं आहे हो. कोर्टात तर आमचं काहीच नातं नाही. पण मग कानबाईला येता यायचं नाही, आयुष्यभर. दोघांनाही. ते नाही जमायचं."

अडचण एवढीच होती, आणि तिला उपायही होता. दोघांपैकी एका घरानं आपला रोट वेगळा करायचा. रोट वेगळा झाला की भाऊबंदकी सुटते, आणि मग सोयरीक होऊ शकते. पण वेगळं कोण होणार? पूजाचे वडील यंदा सुरतेला अडकलेले, ते फोनवर म्हणत, नानांचं म्हणणं तेच आमचं. रोहितचे वडील ललताभाऊ, त्यांचंही उत्तर तयार होतं. अक्कांच्या ओसरीवर सगळे बसले होते आणि नाना आणि ललताभाऊ एकमेकांना लग्नाचा आग्रह करत होते.

"तू पोर दे. मी आज साखरपुडा करस," ललताभाऊ म्हणाले.

"देस ना. तू रोट सोड," नाना म्हणाले.

"मी कशाले सोडू? मना बाप आठे मरना, मना आजा आठे मरना. मी रोट सोडाव नही."

"मंग मना आजा काय विमानमा मरना?"

अक्का म्हणाल्या, "भांडा. रातभर भांडा. पन सकायले मी सूप लिसन येसू. ज्यानी मूठ दिधी तो भाऊ. उद्या मूठ पडनी ते पुढला सालपर्यंत कोनी इषय काढाना नही."

म्हणजे निकाल सकाळी. यंदाचा रोट एकत्र दळला गेला, की आणखी एक वर्ष. आणि पूजाला पुण्याहून एक स्थळ आलेलं, तिच्या आईला ते पसंत होतं. तिची आई माझ्याजवळ स्पष्टच म्हणाली, "आणखी एक वर्ष थांबायला लावणार नाही मी पोरीला." पूजा आत दिवे पुसत होती, तिनं ते ऐकलं. मी या घरात काल नव्हते, उद्या नसणार, आणि तरी मी आत जाऊन तिच्या शेजारी दिवे पुसायला बसले.

रात्रीच्या जेवणाआधी मी आणि नाना भरावावर जाऊन बसलो. अजून संधिप्रकाश होता. रूळ नसलेला तो भराव सरळ लांब जात होता आणि धुक्यात नाहीसा होत होता. नाना सांगत होते, छोटी गाडी या वळणावर आली की चाळीतली बाई चालत्या गाडीला हात लावून, पुढे रुळावर कामाला गेलेल्या नवऱ्याचा जेवणाचा डबा आत द्यायची. मला ती गाडी येताना दिसत होती, दिव्यांचे लहान लहान चौकोन, हळू, फार हळू.

"नाना, ललताभाऊंचं घरही तुमच्यासारखंच बाहेरून आलेलं. मग तुम्हाला त्यांच्यापेक्षा अवघड का?" मी विचारलं.

नानांनी एक खडी उचलून भरावाखाली टाकली. मग म्हणाले, "त्यानी झांशीले एक वावर शे, ताई. चुलत भाऊ शेतस. पत्रिका येस त्याले लगननी. माले कोठून येस? मना गाव कोनतं, ते बी माले माहीत नही. मना सारा गाव अक्काना सूपमा शे."

अंधार पडेपर्यंत आम्ही तिथेच बसलो. 

रविवारी सकाळी अक्का सूप घेऊन बाहेर आल्या. नवी साडी, कपाळभर कुंकू. आत कानबाईचा चौरंग मांडलेला, नारळाला डोळे, नथ, मंगळसूत्र घालून देवी सजत होती. अंगणात जातं धुऊन ठेवलेलं. पुरुष आंघोळ करून, टॉवेल खांद्यावर टाकून ओळीनं उभे राहिले होते. एकेक जण पुढे येई, आपली आणि घरातल्या प्रत्येक पुरुषाची सव्वा मूठ सुपात टाकी. बोलत कोणी नव्हतं, गहू सुपात पडल्याचा तेवढा आवाज. रोहितनं मूठ टाकताना मान वर केली नाही. ललताभाऊंनी टाकली आणि सूप सोडायच्या आधी त्याच्या काठावरून हात फिरवला.

मग नानांची पाळी आली.

"नरसू, तुनी मूठ," अक्का म्हणाल्या.

नानांच्या हातात गहू होते. ती पूर्ण न मिटणारी मूठ त्यांनी सुपावर धरली. बोटांच्या फटीतून दोन-चार दाणे सुपात पडले. तेवढेच. नानांनी दुसऱ्या हातानं ते दाणे शोधून शोधून उचलायला सुरुवात केली. बाकीच्यांच्या गव्हात आपले दाणे कुठले, हे कोणाला कसं कळणार? पण ते निवडत राहिले.

"काय करी राहिना रे?" अक्कांनी विचारलं.

"मना दाना नको राहाले तुमनामा," नाना म्हणाले. "आजपासून मना रोट येगळा."

आत चौरंगाशी बसलेल्या पूजाला ते ऐकू गेलं. ती दारात आली आणि तिथेच उभी राहून रडू लागली. ज्या लग्नासाठी ती ताप आणत आली, ते ठरलं होतं, आणि ती आजोबांकडे धावतही येत नव्हती, रोहितकडे बघतही नव्हती. ललताभाऊ म्हणाले, "नरसू, थांब, मी सोडस, मी..." पण त्यांची मूठ सुपात मिसळून गेली होती आणि हे त्यांनाही ठाऊक होतं. मला तेव्हा त्यांचा राग आला. मग त्यांचा चेहरा बघितला आणि राग टिकला नाही.

दळण झालं, ओव्या झाल्या, चूल पेटली. पुरणाच्या पोळ्या, खीर, कढी, डांगराची भाजी. कांदा-लसूण नाही. दुपारभर मी ओसरीवर भिंतीला टेकून अर्धवट झोपेत तो वास घेत होते. जात्याची घरघर आणि बायकांचा सूर यांत मध्येच रुळावरून काही तरी जातं आहे असं वाटे. दचकून उठावं तर शेळी ओरडत असे.

तिन्हीसांजेला आरती झाली आणि पानं मांडली. आत, देवीसमोर, भाऊबंदांची पंगत. बाहेर ओसरीवर पाहुण्यांचं एकच पान, माझं. मी बसले, तर नाना आले आणि माझ्या शेजारी मांडी घातली. आयुष्यात पहिल्यांदा त्यांचं पान ओसरीवर होतं. आत पंगतीत त्यांच्या जागी कोणी बसलं नव्हतं, माणसं दोन्हीकडून सरकली नव्हती.

"आते मी बी पाहुना," नाना मला म्हणाले आणि हसले. ते हसणं मला बघवलं नाही.

अक्का वाढायला आल्या. रोटाचं ताट त्यांनी आतच ठेवलं होतं, बाहेर आणल्या त्या साध्या पोळ्या. आधी मला वाढलं. मग नानांपुढे आल्या, डोक्यावरचा पदर पुढे ओढला, वाकल्या आणि म्हणाल्या, "ल्या याही. पोटभर जेवा. तुमले काय कमी पडनं ते सांगा."

याही म्हणजे व्याही. रोहित भाऊबंदांतला, म्हणून साऱ्या चाळीचेच नाना आता व्याही झाले होते. लहानपणी एकमेकांच्या पाठीत गुद्दे घातलेल्या त्या बाईनं त्यांच्यासमोर डोक्यावरून पदर घेतला होता.

नानांनी पोळीला हात लावला नाही. "अक्का," ते म्हणाले, "माले तू म्हन ना."

"याहीले तू कशी म्हनू?" अक्का म्हणाल्या. आवाज नेहमीसारखा लांब पोचणारा नव्हता. आत भाजी आणायला म्हणून गेल्या, आणि भाजी दुसऱ्याच कोणी तरी आणली.

नानांनी जेवण पूर्ण केलं. मीही केलं, पण काय खाल्लं हे आता सांगता येणार नाही. रात्री जागरण होतं, मी कबूल करते, रेल्वेत नसूनही पहिल्या दोन गाण्यांतच झोपले.

सोमवारी सकाळी कानबाईला वाजतगाजत नदीवर नेऊन निरोप दिला. पाणी गढूळ, जोरात. दिवाळीनंतरची तारीख बघू, असं दोन्ही घरांत बोलणं झालं होतं. पूजा माझ्याशी बोलता बोलता म्हणाली, "ताई, पुढच्या वर्षी मी आत असेन. रोट मीच दळणार. आणि नाना बाहेर बसणार." मी तिच्या डोक्यावरून हात फिरवला. नाना आता आपल्या घरी नवा नारळ पूजतील, सुरतेचा मुलगा येईल, दोन-चार मुठींचा रोट होईल. तसं बघितलं तर वाईट काही झालेलं नाही. मुलगी हव्या त्या घरी जाते आहे. परतीचं तिकीट काढताना मी स्वतःला हेच समजावत होते.

मी रेल्वेचा इतिहास बघायला आले होते आणि भुसावळ राहूनच गेलं. ह्यांनी विचारलं तर काय सांगू? ज्या रुळांची ही गोष्ट, ते तर पाहिलेच नाहीत, काढून टाकले होते. रेल्वेनं कुठली कुठली माणसं आणून एका जागी टाकली, हे पुस्तकातही सापडेल. त्यांनी एकमेकांना भाऊ म्हणायला सुरुवात कशी केली आणि तो शब्द सोडताना किती दुखतं, हे मी पाहून आले. शाळेत असते तर धड्यात घातलं असतं. परीक्षेला विचारता आलं नसतं, पण घातलं असतं.

पाचोऱ्याच्या फलाटावर मला पोचवायला नाना आणि ललताभाऊ दोघं आले होते. नानांच्या हातात माझी पिशवी होती, अक्कांनी भरून दिलेली. गाडी आली. ललताभाऊ नानांच्या हातातून पिशवी घ्यायला गेले. व्याह्याच्या हातात ओझं कसं असू द्यायचं? नानांनी पिशवी सोडली नाही. ललताभाऊ म्हणाले, "द्या ना, याही," आणि नानांनी ती आणखी घट्ट धरली. पिशवी एकदाची खिडकीतून माझ्याकडे आली तेव्हा तिचे दोन बंद दोघांच्या हातात होते. गाडी हलली तरी ते दोघं तिच्याबरोबर चालत राहिले, एकेक बंद धरून, आणि दोघांपैकी कोणीच आधी सोडेना. शेवटी मलाच ओढून घ्यावी लागली.